मुरुडचे खोत व कायदेकौन्सिलचे सभासद: रावसाहेब विश्वनाथ नारायण मंडलिक

जामसंड्यापासून दापोली तालुक्यांतील मुरुड गांव बराच दूर आहे. मध्यें कितीतरी खाड्या लागतात. तथापि हीं दोन्ही गांवें 1981 सालापर्यंत एकाच रत्नागिरी जिल्ह्यांत मोडत असत, आणि दोन्हींकडील वृद्ध मंडळींच्या तोंडीं एक शब्द सारखाच येत असे. तो शब्द म्हणजे खोत. आजच्या पाठांत ज्या गृहस्थांची ओळख करून घ्यावयाची आहे ते स्वतः खोत होते, विद्वान् होते, आणि सरकारच्या कौन्सिलांत बसणारे पुढारीहि होते. ह्या तीन गोष्टी एकाच मनुष्याच्या ठिकाणीं कशा नांदल्या हें पाहण्याजोगें आहे.

विश्वनाथ नारायण मंडलिक ह्यांचा जन्म 1833 सालीं मुरुड येथें झाला. पुढें ज्या गांवाचें नांव महर्षि धोंडो केशव कर्वे ह्यांच्या बाळपणामुळें सर्वतोमुखीं झालें, तेंच हें मुरुड. मंडलिकांचें शिक्षण रत्नागिरीस व नंतर मुंबईस एल्फिन्स्टन विद्यालयांत झालें. कांहीं वर्षें सरकारी नोकरी करून त्यांनीं ती सोडली व हायकोर्टांत वकिली आरंभिली. 1864 सालीं त्यांनीं ‘नेटिव्ह ओपिनियन’ हें इंग्रजी व मराठी अशा दोन्ही भाषांतील साप्ताहिक काढलें. 1874 सालीं ते मुंबईच्या कायदेकौन्सिलांत गेले, 1879 सालीं मुंबईच्या म्युनिसिपालिटीचे अध्यक्ष झाले, आणि 1884 पासून कांहीं वर्षें त्यांनीं गव्हर्नर जनरलच्या कौन्सिलांतहि काम केलें. ‘व्यवहारमयूख’ व याज्ञवल्क्यस्मृति ह्यांवरील त्यांचा इंग्रजी ग्रंथ 1880 सालीं प्रसिद्ध झाला. हिंदु कायद्याचा अभ्यास करणाऱ्या वकिलांस त्याचा फार उपयोग होत असे. 1889 सालीं त्यांचें देहावसान झालें. मोठेपणाची ही यादी येथेंच पुरे. आपल्या कामाची गोष्ट निराळी आहे.

खोत म्हणजे कोण, हें आजच्या तरुणांस सांगावें लागतें. गांवच्या साऱ्याबद्दल सरकारास ठराविक रक्कम भरावयाची, आणि कुळांकडून आपण वसूल करावयाचें, असा हा वतनाचा व्यवहार होता. भरणा व वसूल ह्यांमधील जी वाढ राही तिला खोताचा ‘फायदा’ म्हणत. धारेकऱ्यास केवळ सरकारी धारा द्यावा लागे. पण साध्या कुळास भातशेतीच्या पिकाचा अर्धा वांटा व वरकस जमिनीचा तिसरा वांटा घालावा लागे, आणि म्हणूनच त्याला अर्धेली, तिर्धेली अशीं नांवें पडलीं. पीक शेतांत उभें असतांना खोताचा माणूस येऊन अंदाज करी, त्यास अभावणी म्हणत. अंदाज भारी झाला तर कुळानें दाद कोणाकडे मागावी? शिवाय वेठ होतीच. आपलें शेत लावणीवांचून राहिलें तरी खोताच्या शेतांत आधीं जावें लागे. पाऊस कोणासाठीं थांबत नाहीं, हें ज्यानें चिखलांत उभें राहून लावणी केली आहे त्यास निराळें सांगावयास नको.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यानंतर सरकारनें कोंकणांत जमिनींची मोजणी चालविली, तेव्हां खोत व कुळें ह्यांचा कज्जा सरकारदरबारीं आला. खोतांचें म्हणणें असें कीं, आम्ही सनदी वतनदार, गांवचे धनी. आमच्या व कुळांच्या करारांत हात घालण्याचा सरकारास अधिकार नाहीं. सरकारी अधिकारी म्हणत कीं, खोत हा वसुलाचा मध्यस्थ असून पिढ्यान्‌पिढ्या जमीन कसणाऱ्याचाहि कांहीं हक्क आहे. अखेर 1880 चा खोती कायदा झाला. 1845 सालापासून जी जमीन एखाद्या कुळाच्या घराण्याकडे अखंड चालत आली असेल तिजवर त्या कुळाचा कायमचा वंशपरंपरा हक्क आहे, असें त्या कायद्यानें मानलें. कोणतें कुळ कोणत्या प्रकारचें आणि त्यानें खोतास काय द्यावें, हें गांवच्या बोटखतांत लिहिलें जाऊं लागलें, व तें लिहिणें निर्णायक पुरावा ठरलें. मात्र खोताच्या संमतीवांचून ती जमीन दुसऱ्यास देण्याची मोकळीक कुळास सहसा नव्हती. आणि 1845 पासूनची वहिवाट ज्यास दाखवितां येईना तो पूर्वींसारखाच खोताच्या मर्जीवर राहिला.

ह्या कायद्यास कौन्सिलांत मंडलिकांनीं जोराचा विरोध केला. ते सरकारची भीड धरणारे गृहस्थ नव्हते, आणि त्यांचा युक्तिवाद कायद्याच्या दृष्टीनें पोकळहि नव्हता. पण त्या सभागृहांत खोताची बाजू मांडावयास खोत होता. अर्धेली कुळाची बाजू मांडावयास कुळ नव्हतें. ज्यास लिहितां वाचतां येत नव्हतें त्याच्या वहिवाटीचा वाद इंग्रजींत चालला, आणि तो त्याच्या कानावर देखील गेला नसेल. मंडलिकांस लबाड म्हणणें अन्यायाचें होईल. आपल्या घराण्याचा लाभ हाच न्याय, असें सज्जनासहि मनापासून वाटूं शकतें, असें म्हटलें तर तें खरें होईल.

त्याच वेळीं विलायतेच्या राज्यांत आणखी एका जमीनदाराची गोष्ट घडत होती. आयर्लंडमधील विक्लो परगण्यांत अॅव्हनडेल येथें चार्ल्स स्टुअर्ट पार्नेल ह्यांची वाडी होती. तेहि जमीनदार व पार्लमेंटचे सभासद होते. परंतु 1879 सालीं कुळांचा संघ निघाला तेव्हां ते त्याचे अध्यक्ष झाले, आणि 1881 सालीं त्याच चळवळीपायीं तुरुंगांत गेले. बॉयकॉट हा शब्द त्याच चळवळींतला: मेयो परगण्यांतील एका जमीनदाराच्या ह्या नांवाच्या कारभाऱ्यावर लोकांनीं 1880 त बहिष्कार टाकला, आणि त्याचें आडनांवच त्या कृत्यास पडलें. 1881 च्या आयरिश कायद्यानें कुळांस वाजवी खंड ठरवून घेण्याचा हक्क मिळाला. म्हणजे जन्मानें जमीनदार असलेल्या मनुष्यानें कुळांकडे उभें राहणें त्या काळीं अशक्य नव्हतें. अर्थात् आयर्लंडांत मागें उभें राहावयास संघटित कुळें होतीं. कोंकणांत तीं अजून व्हावयाचीं होतीं.

तीं झालीं, पण फार उशिरानें. अलिबागजवळ चरी येथें नारायण नागू पाटील ह्यांच्या पुढारीपणाखालीं 1933 पासून 1939 पर्यंत शेतकऱ्यांनीं खोतांच्या जमिनी कसण्याचें नाकारलें. घरांत दाणा नसतांना सहा वर्षें शेत पड ठेवणें ही काय गोष्ट आहे, ह्याचा वाचकांनीं घटकाभर विचार करावा. डॉ. भीमराव आंबेडकर ह्यांचें मूळ गांव मंडणगड तालुक्यांतील आंबडवे, म्हणजे मुरुडपासून फार दूर नव्हे. त्यांनीं 1937 च्या सप्टेंबरांत मुंबईच्या विधिमंडळांत खोती नष्ट करण्याचें बिल मांडलें, आणि 1938 च्या जानेवारींत कोंकणांतील हजारों शेतकरी मुंबईस मोर्चा घेऊन गेले. तें बिल मंजूर झालें नाहीं. खोती निर्मूलनाचा कायदा पुढें झाला व तो 15 मे 1950 पासून अमलांत आला. मंडलिकांच्या मृत्यूस तेव्हां एकसष्ट वर्षें झालीं होतीं.

उपदेशक बंधूंनीं हा पाठ मंडळींपुढें वाचतांना एक काम अवश्य करावें. ज्या घरीं जुने कागद पत्र्याच्या पेटींत पडले असतील त्यांस ते वाळवी लागण्यापूर्वीं बाहेर काढण्यास सांगावें. त्यांत बोटखताचा उतारा किंवा खंड भरल्याची पावती निघाली, तर मोडी वाचणाऱ्या कोणा वृद्धाकडून ती उलगडून घ्यावी, आणि तिची नक्कल बाळबोधींत लिहून ठेवावी. कुळाच्या नांवापुढें कोणता शब्द आहे, धारेकरी कीं अर्धेली, तें आधीं पाहावें.