थेंब डोळ्यात, नाडी मंद

डोळ्यात टाकायच्या थेंबांना आपल्याकडे कोणी औषध म्हणून मोजतच नाही. डॉक्टर विचारतात, "कोणकोणत्या गोळ्या चालू आहेत?" आपण गोळ्या सांगतो. थेंब, मलम, नाकातला फवारा हे सगळं त्या हिशेबाबाहेर राहतं. काचबिंदूवर वर्षानुवर्षे थेंब टाकणाऱ्याला हे केवढ्याला पडू शकतं, ते माझ्या बाबतीत घडलं. म्हणून हे चार शब्द.

माझा काचबिंदू सापडला तो योगायोगानंच. चष्म्याचा नंबर वाढला असेल म्हणून तपासायला गेलो आणि डोळ्यांतला दाब एकीकडे 27, दुसरीकडे 25 निघाला. साधारणपणे तो 21 च्या आत असावा लागतो. दुखणं नाही, लाली नाही, समोरचं अक्षर स्वच्छ दिसतंय. काचबिंदूची हीच तर खोड आहे. तो आधी कडेची नजर कुरतडतो, आणि डोळ्याची जी नस एकदा गेली ती कुठल्याही ऑपरेशननं परत येत नाही. भारतात एक कोटीहून अधिक लोकांना हा आजार आहे आणि त्यातल्या बहुतेकांना त्याचा पत्ताच नाही. मला वेळेवर कळलं, ही नशिबाची गोष्ट.

डोळ्यांच्या दवाखान्यात टिमोलॉलचे थेंब लिहून दिले. सकाळी एक, संध्याकाळी एक. तिथल्या फॉर्मवर मधुमेह आणि ब्लडप्रेशर यांपुढे बरोबरच्या खुणा करायच्या होत्या, त्या केल्या. ब्लडप्रेशरची गोळी कोणती, हे कोणी विचारलं नाही. ती होती मेटोप्रोलॉल. दाब छान उतरला, डॉक्टर खूश, मीही खूश.

मी रोज सकाळी गोगाबाबा टेकडी चढणारा माणूस. वर पोचलं की खाली बीबी का मकबरा आणि सगळं शहर दिसतं, तिथे पाच मिनिटं गप्पा मारायच्या आणि उतरायचं. थेंब सुरू झाल्यावर काही आठवड्यांनी मी अर्ध्या चढावरच बसायला लागलो. मित्र म्हणाले, वय झालं. आमची ही म्हणाली, "तुम्ही आताशा सारखे आडवे का होता?" पाय जड, अंगात उत्साह नाही, उठताना डोळ्यांपुढे अंधारी. एकदा सिडकोतल्या भाजीबाजारात हातातली पिशवी सुटून पडली, तेव्हा मात्र फॅमिली डॉक्टरांकडे गेलो. नाडी 44.

तिथून हृदयाच्या डॉक्टरांकडे. ईसीजी झाला, चोवीस तासांचं मशीन छातीला लावून झालं, बोलणं पेसमेकरपर्यंत गेलं. मग त्यांनी एक साधी गोष्ट केली. म्हणाले, "पिशवीत जे जे आहे ते टेबलावर ओता." आमच्या हिनं पिशवी उपडी केली. गोळ्यांच्या पट्ट्यांमागून ती इवलीशी बाटली घरंगळत आली. त्यांनी ती उचलली, बारीक अक्षरं वाचली आणि विचारलं, "हे कधीपासून?"

त्यांनी समजावलं ते असं. टिमोलॉल हे बीटा-ब्लॉकर, म्हणजे माझ्या मेटोप्रोलॉलच्याच घराण्यातलं. जेम्स ब्लॅक यांनी 1960 च्या दशकात हृदयासाठी प्रोप्रॅनोलॉल शोधलं, त्याबद्दल त्यांना 1988 साली नोबेल मिळालं. या औषधांनी डोळ्यांतला दाबही उतरतो हे पुढे लक्षात आलं आणि 1978 साली अमेरिकेत टिमोलॉलच्या थेंबांना मान्यता मिळाली. न्हाणीघराची मोरी तुंबली असेल तर निदान नळ बारीक करावा, तसं हे औषध डोळ्यात तयार होणारं पाणी कमी करतं. स्वस्त आहे, परिणामकारक आहे, जगभर चालतं. औषध वाईट नाही. पण ते डोळ्यात थांबत नाही.

डोळ्याच्या नाकाकडच्या कोपऱ्यात अश्रू वाहून नेणारं बारीक छिद्र असतं. थेंब तिथून नाकात आणि घशात उतरतो. थेंब टाकल्यावर घशाला कडवट लागतं ते म्हणूनच. गिळलेली गोळी आधी यकृतातून जाते, तिथे तिचा बराच भाग निकामी होतो. नाकाच्या आतल्या अस्तरातून शिरलेलं औषध मात्र यकृताला वळसा घालून थेट रक्तात जातं. मग ते हृदयाचे ठोके कमी करतं, श्वासनलिका आवळतं. मला या घराण्यातलं औषध दोन वाटांनी मिळत होतं, एक तोंडानं, एक डोळ्यांनी. त्यातली आणखी गंमत म्हणजे, पोटात आधीच बीटा-ब्लॉकर असेल तर डोळ्यावर या थेंबांचा फायदाही कमी होतो.

माझ्यापेक्षा दम्याच्या रुग्णाची गोष्ट गंभीर. त्याला एखादा थेंबसुद्धा धाप लावू शकतो. लहानपणी दमा होता आणि आता नाही, असं असलं तरी डॉक्टरांना सांगायलाच हवं. बिडी-सिगारेटनं फुप्फुसं खराब झालेल्यांनीही सांगावं. हृदयात ब्लॉक असेल, नाडी मुळातच मंद असेल, व्हेरापामिलसारखी गोळी चालू असेल, तर तेही. मधुमेहींसाठी वेगळाच धोका आहे. साखर एकदम उतरली की छाती धडधडते, ती धडधडच हे औषध दाबून टाकतं. घाम येतो ती खूण मात्र उरते. मन उदास राहणं, पुरुषांमध्ये लैंगिक इच्छा किंवा ताकद कमी होणं, याही तक्रारी होतात. आपल्याकडे साठीनंतर या गोष्टी डॉक्टरांपुढे काढायची लाज वाटते. काढा.

मेडिकलवाल्यानं दिलेल्या बाटलीवर टिमोलॉल ठळक दिसेलच असं नाही. ब्रिमोनिडिन, डॉर्झोलामाइड यांच्या जोडीला ते पुष्कळदा एकाच बाटलीत असतं आणि वर कंपनीचं भलतंच नाव असतं. मोबाइलनं बाटलीचा फोटो काढा आणि मोठा करून वाचा. गोळ्यांमध्ये अ‍ॅटेनोलॉल, मेटोप्रोलॉल, प्रोप्रॅनोलॉल अशी 'लॉल'वर संपणारी नावं दिसली की डोळ्यांच्या डॉक्टरांना दाखवा.

आता थेंब टाकण्याची रीत, जी मला कोणी शिकवली नव्हती. हात धुवा. पलंगावर आडवे व्हा, हात थरथरत असेल तर कोपर उशीवर टेकवा. खालची पापणी बोटानं ओढून खळगा करा आणि त्यात एकच थेंब सोडा. बाटलीचं टोक पापणीला लावू नका. डोळ्यात मुळात एका थेंबापुरतीही जागा नसते, दुसरा थेंब फक्त गालावर आणि नाकात जातो. मग डोळा हलकेच मिटा, मिचकावू नका, आणि नाकाकडच्या कोपऱ्यावर तर्जनी दाबून दोन-तीन मिनिटं धरा. छिद्र बंद झालं की औषध रक्तात कमी जातं आणि डोळ्यात जास्त टिकतं. शेवटी बाहेर आलेलं टिपून घ्या. दुसरा थेंब वेगळ्या औषधाचा असेल तर मध्ये पाच-दहा मिनिटं जाऊ द्या. आपल्याकडे मे महिन्यात पारा 40 च्या वर जातो, तेव्हा बाटली स्कूटरच्या डिकीत ठेवू नका. उघडल्याची तारीख बाटलीवर लिहा. महिन्यानंतर ती फेकायची, मग आत अर्धी उरलेली का असेना.

हे वाचून कोणी आज रात्रीचा थेंब चुकवू नये, ही माझी खरी काळजी आहे. टेकडीवर माझी कहाणी ऐकून एका गृहस्थांनी परस्पर थेंब बंद केले होते, त्यांना मी अक्षरशः हाताला धरून दवाखान्यात पाठवलं. थेंब सोडले तर दाब पुन्हा चढतो आणि कळतही नाही. ब्लडप्रेशरची असली गोळीही एकदम तोडायची नसते, हृदयावर उलटते. बदल करायचा तो डॉक्टरांनी. आणि पर्याय आहेत. लेझर आहे, दुसऱ्या जातीचे थेंब आहेत. माझ्या दोन्ही डॉक्टरांचं फोनवर बोलणं झालं आणि मला टिमोलॉलऐवजी रात्री एकदा टाकायचं लॅटानोप्रोस्ट मिळालं. नाडी साठीवर आली, पेसमेकरचा विषय संपला. पापण्यांचे केस मात्र लांब झाले आहेत, त्या औषधाचा तो परिणाम. नातीला हेवा वाटतो.

पुढच्या तपासणीला जाताना सगळ्या गोळ्या आणि थेंबांची बाटली खोक्यासकट सोबत न्या. डोळ्यांच्या डॉक्टरांना विचारा, "यात टिमोलॉल आहे का, आणि माझ्या हृदयाला, फुप्फुसांना ते चालेल का?" ऑपरेशनसाठी भूल घ्यायची वेळ आली तर भुलीच्या डॉक्टरांनाही थेंबांचं नाव आधी सांगा.