रेशीमशास्त्राचा विद्यार्थी

कोणी वाट बदलली की आपण त्याला 'धरसोड वृत्तीचा' म्हणून मोकळे होतो. दक्षिण कोरियाचे किम चांग-वान यांचा जीवनक्रम अभ्यासताना मला हा शिक्का घाईचा वाटू लागला.

१९५४ साली जन्मलेल्या किम यांनी सोल राष्ट्रीय विद्यापीठात शिक्षण घेतले ते रेशीमशास्त्राचे! १९७५ मध्ये गांजा-प्रकरणात शिन जुंग-ह्यान यांच्यासारख्या रॉक संगीतकारांना अटक झाली, गाण्यांवर बंदी आली. त्या पोकळीत १९७७ साली किम व त्यांचे दोन धाकटे भाऊ यांच्या 'सानुल्लिम' या वाद्यवृंदाची पहिली ध्वनिमुद्रिका निघाली. सानुल्लिम म्हणजे डोंगरातला प्रतिध्वनी. खरखरीत गिटार आणि बोलल्यासारखे साधे गाणे ही त्यांची ओळख. पुढे किम नट झाले. 'कॉफी प्रिन्स' (२००७) या दूरदर्शन मालिकेत त्यांनी कळकट कॉफीगृहाचा जुना मालक रंगविला. २००० ते २०२४ या काळात सकाळच्या नभोवाणी कार्यक्रमाचे ते निवेदक होते.

२००८ मध्ये ड्रम वाजविणारा धाकटा भाऊ चांग-इक कॅनडात अपघातात गेला, सानुल्लिम थांबले. किम यांनी मात्र त्याच वर्षी नवा वाद्यवृंद उभारला.

गायक, नट, निवेदक. बोलण्यातला साधेपणा तिन्हीकडे तोच. विषयनिवडीच्या चिंतेत असलेल्या आपण एवढे ध्यानी घ्यावे: पदवीचा विषय मागे पडला तरी चालेल, आपला सूर सुटू नये.