दाराशी उभी राहिलेली मुक्ताई



आजचा अभ्यास : श्रीमद्भगवद्गीता, अध्याय १७, श्लोक १५

या श्लोकात भगवंत वाणीचं तप सांगतात. बोलणं कसं असावं? ऐकणाऱ्याला उद्वेग न देणारं, खरं, प्रिय आणि हिताचं. सोबतीला स्वाध्याय. आपण बहुतेक जण "खरं तेच बोललो ना!" एवढ्यावर थांबतो. पण भगवंतांनी उद्वेगाची कसोटी सर्वांत आधी ठेवली आहे. आणि आज वाणी फक्त जिभेवर नाही. कमेंट, मीम, स्टिकर, फॉरवर्ड, अगदी हसणारा इमोजीसुद्धा वाणीच आहे.

आमचा राजुरा तेलंगणाच्या सीमेजवळचा. इथल्या मराठीत तेलुगूचा सूर येतो, गोंडी शब्द येतात. बारावीनंतर मुलं नागपूर-पुण्याला जातात. आमच्या हरिपाठाच्या गटातली एक मुलगी अशीच गेली. तिच्या बोलण्याचा तुकडा कुणीतरी वर्गाच्या ग्रुपवर टाकला, त्याचं स्टिकर झालं. तिनं काहीही लिहिलं की खाली तेच. तिनं ग्रुप सोडला, तर स्टिकर दुसऱ्या ग्रुपवर. हळूहळू ती वर्गात बोलेनाशी झाली, मेसमध्ये जाईना. घरून फोन आला की "रेंज नाही" म्हणून ठेवून द्यायची. पूर्वी चिडवणं शाळेच्या फाटकाशी तरी सुटायचं. आता ते उशाशी येऊन झोपतं. झोप उडते, अभ्यास सुटतो, आणि लोक म्हणतात तेच आपण आहोत असं वाटू लागतं.

आळंदीच्या चार भावंडांनी हे सोसलं होतं. वडिलांनी संन्यास घेऊन पुन्हा संसार केला, म्हणून गावानं त्यांना वाळीत टाकलं. "संन्याशाची पोरं" हे त्यांचं नावच झालं. परंपरा सांगते की या जाचातच आईवडिलांनी देहत्याग केला. पुढे एकदा अपमान जिव्हारी लागला आणि ज्ञानोबांनी झोपडीची ताटी लावून घेतली. ज्ञानेश्वरी लिहिणारा हा महात्माही आत जाऊन बसला! म्हणून दार लावून बसलेल्याला 'कमकुवत' म्हणू नका.

बाहेर धाकटी बहीण मुक्ताई उभी राहिली. 'ताटीचे अभंग' हे तिचं त्या दाराशी झालेलं बोलणं. जग पेटलं तरी संतानं शांत राहावं, असं ती समजावते. इथे एक घोटाळा होतो. सत्संगातली मंडळी छळ झालेल्या मुलाला म्हणतात, "जाऊ दे रे, क्षमा कर." पण मुक्ताईनं तोच अपमान स्वतः सोसला होता, म्हणून तिला तो अधिकार होता. आणि तिनं "आतच बस, सहन कर" असं सांगितलं नाही. तिनं दार उघडायला लावलं. क्षमा मनातल्या द्वेषासाठी आहे. छळ चालू ठेवायला दिलेली ती परवानगी नव्हे.

त्या मुलीच्या दाराशी तिची रूममेट गेली. रोज दोन ताटं वाढून आणायची, काही न विचारता सोबत जेवायची. आठवड्याभरानं मुलगी बोलली. मग दोघींनी मिळून कॉलेजच्या अँटी-रॅगिंग समितीकडे तक्रार दिली.

तुमच्यावर किंवा मित्रावर अशी वेळ आली तर :

• आधी स्क्रीनशॉट घ्या, मगच ब्लॉक करा. उलट शिव्या देऊ नका.
• घरी किंवा विश्वासातल्या मोठ्या माणसाला सांगा.
• राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर किंवा पोलिसांकडे तक्रार करता येते. १८ वर्षांखालील मुलांसाठी १०९८ हा क्रमांक आहे.
• मन फार खचलं, जगणं नको वाटलं, तर लगेच १४४१६ वर टेलिमानसला फोन लावा. जप चालू ठेवा, पण फोनही करा.

आजचा संकल्प : कुणाची टर उडवणारं काही आलं तर ते माझ्यापाशी थांबेल. आणि ज्याची टर उडवली, त्याला आजच फोन करून विचारेन, "जेवलास का?" ग्रुपवर गप्प बसलेल्यांना आपण निर्दोष वाटतो, पण आतल्याला ती शांतता संमतीसारखी ऐकू येते.

आणि छळणाऱ्यांचं काय? पसायदानात माउलींनी दुष्टांचा नाश मागितला नाही, त्यांच्या मनातला वाकडेपणा जावा एवढंच मागितलं. इतकं सोसलेल्या माणसानं हे मागितलं आहे. आज पसायदान म्हणताना त्या ओळीवर क्षणभर थांबू या.

राम कृष्ण हरी!