पवनारचे ब्रह्मविद्यामंदिर : चरित्र आणि समूहेतिहास

महाराष्ट्री प्राकृताच्या अभ्यासात वाशीम आणि पवनार ही नावे जवळजवळ येतात. वाशीम म्हणजे प्राचीन वत्सगुल्म. तेथील वाकाटक राजा सर्वसेन याने ‘हरिविजय’ रचले. दुसऱ्या शाखेतील द्वितीय प्रवरसेनाच्या नावावर ‘सेतुबंध’ आहे. त्याची राजधानी प्रवरपूर म्हणजेच वर्धा जिल्ह्यातील पवनार, असे वा. वि. मिराशी यांनी प्रतिपादिले. या राजभूमीवर विसाव्या शतकात धनसत्ता व अधिकारसत्ता नाकारणारे समूहजीवन उभे राहिले.

1938 साली विनोबा भावे प्रकृतीच्या कारणास्तव धाम नदीकाठच्या जमनालाल बजाज यांच्या बंगल्यात राहावयास आले. तेथील शेत खणताना प्राचीन शिल्पे सापडली. त्यांपैकी एक भरत-राम भेटीचे मानून विनोबांनी ते पूजेस ठेविले. 1950 च्या सुमारास तेथे कांचनमुक्तीचा प्रयोग झाला. पैशाचा व्यवहार टाळावा, बैलांवाचून शेती करावी, विहिरीचा रहाट माणसांनी ओढावा, असे त्याचे स्वरूप होते. 1951 मध्ये भूदानयात्रा सुरू झाली.

25 मार्च 1959 रोजी याच जागी ब्रह्मविद्यामंदिराची स्थापना झाली. संन्यास व ब्रह्मविद्या यांचा अधिकार स्त्रीस सहसा न देणाऱ्या वैदिक परंपरेस हा छेद होता. मुक्ताबाईसारख्या संत स्त्रिया अपवाद म्हणून गौरविल्या गेल्या. येथे त्या अपवादाचे संस्थेत रूपांतर झाले. संस्थेस प्रमुख नाही. निर्णय सर्वसहमतीने होतात. शेती, स्वयंपाक, सफाई ही कामे साधनेचाच भाग मानली जातात.

हा इतिहास बहुधा विनोबाचरित्राचे एक प्रकरण म्हणून सांगितला जातो. परंतु स्थापनेच्या वेळी विनोबा पदयात्रेत होते. ते पवनारला परतले 1964 साली. आरंभीची घडी त्यांच्या अनुपस्थितीत भगिनींनी बसविली, आणि 1982 मधील त्यांच्या निधनानंतरही ती टिकविली. व्यक्तिकेंद्री चरित्राच्या साच्यात हे कर्तृत्व मावत नाही.

अर्थात येथे एक पेचही आहे. सर्वसहमतीत मतभेदाची नोंद मागे राहत नाही. ब्रह्मचर्यव्रतामुळे पुढील पिढी जन्माने नव्हे, केवळ निवडीने येते. म्हणूनच भगिनींच्या आठवणी, पत्रे व दैनंदिन नोंदी ही या इतिहासाची प्रमुख साधने ठरतात. त्यांना चरित्राची पूरक सामग्री न मानता स्वतंत्र वाङ्मय म्हणून वाचणे, हे मराठी अभ्यासकांपुढील कार्य आहे.