नोकरी सोडलीस का?

तळा, जि. रायगड

चि. संदेश,


सरळच विचारतो. नोकरी सोडलीस का? परवा इंदापूरच्या स्टँडवर आपल्या वाडीतला एक चाकरमानी भेटला. म्हणाला, तुमचा पुतण्या आता नुसतं नटाचंच काम करतो. आणि चहा संपता संपता सांगितलं, की मालिकेत वॉचमनचं दोन प्रसंगांचं काम आलं होतं, ते तू नको म्हणालास. पगार नाही आणि आलेलं कामही नको, मग खोलीचं भाडं कोण भरतंय? वहिनींच्या कानावर मी यातलं काही जाऊ दिलेलं नाही. त्यांचं ब्लडप्रेशर तुला ठाऊक आहे.

तुला कोणी नायक करणार नाही, हे गेल्या शिमग्याला तूच रडवेल्या तोंडानं सांगितलंस. मग निळूभाऊ फुल्यांना कोणी केलं होतं? पुण्यात लष्कराच्या वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करायचे आणि सेवा दलाच्या कलापथकात उभे राहायचे. 'कथा अकलेच्या कांद्याची'नं नाव झालं. १९६८ साली 'एक गाव बारा भानगडी'तला झेलेअण्णा मिळाला, तेव्हा चाळिशी जवळ आली होती. पुढे 'सामना'तला हिंदुराव धोंडे पाटील. पुन्हा बघ तो, आणि या वेळी डॉ. लागूंच्या मास्तरकडे न बघता हिंदुरावकडे बघ. आवाज चढवत नाही, मास्तरशी अदबीनं बोलतो, आणि त्या अदबीचीच भीती वाटते. 'सिंहासन'मध्ये तर उलटंच. भाषणं सगळी मंत्र्यांना, आणि पत्रकार दिगू बहुतेक वेळ नुसता ऐकतोय. पण शेवटी वेड लागतं ते त्याला, आणि थेटरातून बाहेर पडताना दिगूच डोक्यात राहतो. वॉचमनला दोनच वाक्यं आहेत म्हणून तू नाक मुरडलंस!

तू म्हणशील, लागूंनी नाही का सर्जरी सोडली? सोडली, १९६९ साली, चाळिशी उलटल्यावर. तोवर दवाखाना सांभाळून नाटकं केली आणि मगच पाऊल उचललं. पुढच्याच वर्षी 'नटसम्राट' आलं. तू अजून तिशीचा नाहीस. मुरुडच्या नानाचं उदाहरण तर देऊच नकोस. इतकी वर्षं झाली, मुरुडातून दुसरा नाना निघालेला नाही.

मी एवढा नोकरीच्या मागे का लागलोय, ते तुझ्या बाबांनी तुला कधी सांगितलं असेल की नाही कोण जाणे. १९८२च्या जानेवारीत संप झाला तेव्हा मी लालबागला गिरणीत होतो. पगार थांबला की माणूस आधी चहा सोडतो, मग मित्र सोडतो. त्याआधीची दोन-तीन वर्षं मात्र चैनीची. पाळी सुटली की परळच्या दामोदर हॉलला कामगारांच्या नाटकाच्या तालमी बघायला जायचो. दाराशी उभा राहायचो. आत जाऊन, मलाही एखादं काम द्या, असं म्हणायची छाती कधी झाली नाही. संपानंतर तळ्याला आलो, भातशेतीला लागलो. आजही टीव्हीवर हवालदार नाहीतर नोकर आला, की नायकाला सोडून मी त्याच्याकडेच बघतो. तुझी काकी हसते.

तेव्हा तू आत गेलास याचा मला राग नाही, हे आधी डोक्यात घे. रागवायचं म्हणून पत्राला बसलो होतो. पण मागच्या महिन्यात त्या मालिकेत तू ट्रे घेऊन आलास, तेव्हा ट्रे ठेवताना म्हाताऱ्या बाईकडे एकदा बघितलंस. तसं करायला तुला कोणी सांगितलं नसणार. मी काकीला हाक मारून बोलावलं, तोवर तू निघून गेला होतास.

त्या वॉचमनवाल्यांना पुन्हा फोन लाव. जागा भरली असेल तर दुसरं काही आहे का विचार. आणि नोकरीचं खरं काय ते मला कळव. सोडली असशील तर तेही लिही, लपवू नकोस. वहिनींना मी समजावीन, माझं त्या ऐकतात. या महिन्याचं भाडं मी पाठवतो. तांदूळ वाडीतल्या गाडीनं धाडलेत, ते उतरवून घे. गणपतीला मात्र ये. आरतीला तुझा आवाज लागतो.

तुझा,
काका