समुद्रतळाचे प्रवासी

विद्यार्थी मित्रहो, आमच्या नळदुर्गच्या किल्ल्यातील पाणीमहाल तुम्ही पाहिलाच असेल. बोरी नदी अडविणाऱ्या धरणाच्या भिंतीतच तो बांधलेला आहे. पावसाळ्यात माथ्यावरून पाणी कोसळते, तरी आत उभा असलेला मनुष्य सुरक्षित राहतो. समुद्राच्या तळाशी जाऊ इच्छिणाऱ्यापुढे हाच प्रश्न असतो. मात्र तेथे तो फार कठीण होतो.

कारण असे की, पाण्याचा दाब खोलीबरोबर वाढतो. समुद्रात दर 10 मीटर खाली गेले की सुमारे एका वातावरणाइतका दाब अधिक होतो. 6000 मीटरवर प्रत्येक चौरस सेंटीमीटरवर सुमारे 600 किलो भार पडतो. ह्यास्तव अशा पाणबुडीतील माणसांची खोली गोलाकार करितात. गोलावर भार सर्व बाजूंनी सारखा वाटला जातो. भारताच्या समुद्रयान योजनेतील 'मत्स्य 6000' ह्या पाणबुडीसाठी आतून 2.1 मीटर व्यासाचा, 80 मिलिमीटर जाडीचा टायटॅनियम धातूचा गोल योजिला असून त्यात तिघांची सोय आहे. ह्याच कार्याच्या पूर्वतयारीसाठी ऑगस्ट 2025 मध्ये राजू रमेश हे 4025 मीटर, व निवृत्त कमांडर जतिंदर पाल सिंग हे 5002 मीटर खोल, फ्रान्सच्या 'नॉटिल' पाणबुडीतून अटलांटिक महासागरात उतरले.

चालकाचे काम केवळ धाडसाचे नव्हे. तेथे सूर्यप्रकाश पोहोचत नाही. बिनतारी लहरी खाऱ्या पाण्यात दूर जात नाहीत, म्हणून वरील जहाजाशी ध्वनीच्या साहाय्याने बोलावे लागते. श्वासाने दूषित झालेली हवा शुद्ध होते की नाही, विजेचा साठा किती उरला, ह्यांवर सतत नजर ठेवावी लागते. धाडस क्षणाचे असते. सावधपणा मात्र अभ्यासानेच अंगी येतो.

"आम्ही कोरड्या मुलखातील, समुद्राशी आमचा काय संबंध?" असे कोणी म्हणेल. त्याने डॉ. अदिती पंत ह्यांचे चरित्र पाहावे. त्या पाणबुडीच्या चालक नव्हेत, समुद्रशास्त्रज्ञ होत. त्यांचा जन्म 1943 साली, समुद्रापासून दूर अशा नागपुरात झाला. पुण्यास विज्ञानाची पदवी घेतल्यावर ॲलिस्टर हार्डी ह्यांच्या समुद्रविषयक ग्रंथाने त्यांना ह्या शास्त्राची गोडी लागली. पुढे हवाई व लंडन येथे अध्ययन करून त्या गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत काम करू लागल्या. डिसेंबर 1983 मध्ये निघालेल्या तिसऱ्या अंटार्क्टिका मोहिमेत त्या व डॉ. सुदीप्ता सेनगुप्ता गेल्या. त्या खंडावर जाणाऱ्या ह्याच पहिल्या भारतीय स्त्री-शास्त्रज्ञ होत.

पालकहो, तुमची कन्या गणित व विज्ञान मन लावून शिकत असेल, तर "मुलीस हे कशाला?" असे म्हणून तिचे पुस्तक मिटवू नका. आणि मुलांनो, वाट पाहू नका. दाबाचा धडा तुमच्या पुस्तकात आजच आहे. ज्या ईश्वराने सागर निर्माण केला, त्यानेच तो जाणून घेण्याची बुद्धी बोरीकाठच्या मुलांसही दिली आहे.