हक्क उरतो, फळ जाते : परवान्याचे नूतनीकरण आणि विलंब

काशीतील बालाजी घाटाशी मराठी माणसाचा संबंध पेशवेकाळापासूनचा आहे. या घाटाच्या पायऱ्या उतरताना आपल्याकडील एक म्हण सहज आठवते : शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये. भाऊबंदकीच्या तंट्यापुरता हा उपदेश मोलाचा असेल; परंतु ज्याचा उदरनिर्वाह मुदतीच्या परवान्यावर चालतो, त्याने तो अक्षरशः पाळला तर काय घडते, याचा विचार प्रस्तुत टिपणात करावयाचा आहे.

प्रथम जुने शास्त्र पाहू. आपली भूमी परका उपभोगीत असल्याचे पाहूनही जो बोलत नाही, त्याची वीस वर्षांनी हानी होते, आणि अन्य धनाच्या बाबतीत दहा वर्षांनी, असे याज्ञवल्क्यस्मृतीत सांगितले आहे. ही हानी नेमकी कशाची? ‘मिताक्षरा’कार विज्ञानेश्वराने तिचा सूक्ष्म अर्थ लावला : हानी स्वामित्वाची नव्हे, फळाची. मौनाने मालकी बुडत नाही. मधल्या काळातील उत्पन्न मात्र हातचे जाते.

हाच विवेक आधुनिक न्यायालयातही आढळतो. मुंबईच्या आंतरराष्ट्रीय विमानतळावर द्वितीय श्रेणीचे एक उपाहारगृह व अल्पोपाहाराची दोन केंद्रे तीन वर्षे चालविण्यासाठी जानेवारी १९७७ मध्ये निविदा मागविण्यात आल्या. निविदाकार किमान पाच वर्षांचा अनुभव असलेला, त्या श्रेणीचा नोंदणीकृत हॉटेलचालक असावा, अशी अट होती. ती पूर्ण न करणाऱ्याची निविदा एप्रिलमध्ये स्वीकारली गेली. हा वाद पुढे ‘रमण दयाराम शेट्टी विरुद्ध आंतरराष्ट्रीय विमानतळ प्राधिकरण’ या नावाने गाजला. ४ मे १९७९ रोजी न्या. पी. एन. भगवती यांनी दिलेल्या निकालात तत्त्व स्पष्ट झाले : शासकीय संस्थेने स्वतः घातलेली अट स्वतःच मोडता कामा नये.

तत्त्वाचा विजय झाला. पण अर्जदाराला दाद मिळाली नाही. निविदा स्वीकारल्यानंतर पाच महिन्यांहून अधिक काळ लोटल्यावर ते उच्च न्यायालयात गेले होते. तोवर प्रतिपक्षाने सुमारे सव्वा लाख रुपये खर्च केले होते. विलंब हे एकमेव कारण नव्हते. अर्जदाराच्या मागे पूर्वीचा व्यवसायचालक उभा आहे, असेही न्यायालयाला दिसले. तरीही धडा उघड आहे. छत्तीस महिन्यांच्या परवान्यात पाच महिने म्हणजे जवळजवळ सातवा हिस्सा होय.

नूतनीकरणाच्या प्रकरणात ही अडचण अधिकच तीव्र होते. जमीन वीस वर्षांनीही जागेवर असते. परवान्याची मुदत रोज झिजत जाते. नकार अन्यायाचा असला, तरी वाद चालू असतानाच ती मुदत संपली तर अर्ज निरर्थक ठरू शकतो. जागा दुसऱ्याला दिली गेली असेल, तर त्याची गुंतवणूकही तराजूत पडते. घटनेच्या २२६ व्या अनुच्छेदाखालील अर्जास ठरावीक कालमर्यादा नाही, हे खरे. पण म्हणूनच तेथे विलंबाचे समाधानकारक कारण सांगावे लागते. ‘वारंवार विनंत्या करीत होतो’ हे उत्तर बहुधा पुरत नाही. कायद्यात तरतूद नसलेल्या निवेदनांनी कालमर्यादा लांबत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ साली एस. एस. राठोर यांच्या प्रकरणात सांगितले. ते प्रकरण नोकरीविषयक होते. परंतु त्यातील तर्क व्यावसायिकानेही ध्यानी घ्यावा असा आहे.

तेव्हा क्रम असा असावा : मुदत संपण्यापूर्वी नूतनीकरणाचा अर्ज करून पोच घ्यावी, नकार लेखी मागावा, अपिलाची सोय असल्यास तिची मुदत त्याच दिवशी पाहून ठेवावी, आणि आवश्यक तेथे तात्पुरत्या स्थगितीची मागणी प्रारंभीच करावी.

साहेबांची मर्जी राखण्यासाठी कोर्ट टाळणाऱ्या लहान दुकानदाराला आळशी म्हणणे अन्यायाचे होईल. वकिलाची फी आणि बुडणारी रोजी त्यालाच ठाऊक असते. परंतु त्याचा संयम कागदावर संयम म्हणून उमटत नाही. तेथे फक्त तारखा दिसतात. म्हणून त्या म्हणीला एवढीच पुस्ती जोडावीशी वाटते : पायरी चढणे अटळ असेल, तर पाणी वर येण्यापूर्वी चढावी.